मदत हवी आहे: बाळाला द्राक्षं कशी सुरू करावीत?

भिंगरी

मंडळी, बाळ साडेसात महिन्यांचं आहे. आधाराशिवाय बसतं, खाली दोन दात आलेत, वाफवून कुस्करलेलं सफरचंद आणि गाजर दीड महिन्यापासून चालू आहे. आता द्राक्षं द्यायची आहेत आणि घरात दोन तट पडलेत. एक म्हणतो दोन वर्षांपर्यंत नावच काढू नका, दुसरा म्हणतो अर्धं करून दिलं की झालं. साल काढायची का? कापायचं कसं? एका वेळी किती? रस दिला तर अडकायचा प्रश्नच मिटतो, मग तेच का नको? आणि अडकलंच तर नेमकं काय करायचं?

पाटीपेन्सिल

दोन्ही तट चुकलेत. सहा महिन्यांनंतर द्राक्ष देता येतं. अर्धं केलेलं मात्र चालत नाही.

अख्खं द्राक्ष म्हणजे बाटलीचं बूचच. गोल, गुळगुळीत, दाबलं की आकार बदलणारं. बाळाची श्वासनलिका साधारण त्याच्या स्वतःच्या करंगळीएवढी. द्राक्ष तिच्या तोंडाशी बसलं की कडेने हवेला फटच राहत नाही, आणि ओल्या सालीमुळे चिमटीत धरून बाहेरही काढता येत नाही. पुढचे दात तुकडा तोडतात, पण चिरडायला दाढा लागतात. पहिल्या दाढा साधारण 13 ते 19 महिन्यांत येतात, मागच्या 23 ते 33 महिन्यांत. दाढा आल्या म्हणून लगेच नीट चावता येतं असंही नाही, म्हणून पाच वर्षांपर्यंत अख्खं द्राक्ष नकोच.

शेवटचा बाक

कापण्याबद्दल सविस्तर लिहितो, कारण बहुतेकांची चूक इथेच होते.

लांबट द्राक्ष हातात घ्या आणि मधोमध आडवं कापा. लांबी निम्मी झाली, पण जाडी होती तेवढीच राहिली. कापलेला भाग समोरून बघा, पूर्ण गोल दिसेल. अडकतो तो हाच गोल. आता दुसरं द्राक्ष देठापासून टोकापर्यंत उभं चिरा, मग प्रत्येक अर्ध पुन्हा उभं. चार लांबट फोडी मिळतात, प्रत्येकीला धार आणि सपाट बाजू असते, कुठूनही पाहिलं तरी गोल नाही. द्राक्ष जाड असेल तर चारऐवजी सहा-आठ फोडी करा.

सुरी बारीक दात्यांची घ्या. साध्या सुरीची धार सालीवरून घसरते आणि आपलंच बोट कापतं. देठाकडची बाजू किंचित कापून सपाट केली की द्राक्ष पाटावर उभं राहतं, गडगडत नाही. बी असेल तर ती फोडीच्या आतल्या कडेला दिसते, सुरीच्या टोकाने काढून टाका. बिनबियांच्या द्राक्षातही कधीकधी टणक बी निघते, तेव्हा प्रत्येक फोड बघाच.

दोन झाकणांमध्ये द्राक्षं ठेवून एकदम चिरायची युक्ती चालते, पण त्यात फक्त दोन भाग होतात. पुढचा उभा छेद हातानेच द्यावा लागतो.

मोरपीस

भिंगरीताई, तुमच्या बाळासाठी मी थेट फोडींवर जाणार नाही, आधी गर.

पाच-सहा द्राक्षं वाहत्या पाण्याखाली चोळून धुवा, देठाजवळचा खळगा विसरू नका. टोकाला फुलीसारखी चीर द्या. उकळत्या पाण्यात अर्धा मिनिट, लगेच गार पाण्यात. साल चिमटीने ओढली की निघून येते. बिया काढा, चमचाभर पाण्यात मंद आचेवर चार-पाच मिनिटं शिजवा, काट्याने कुस्करा. सालीचे धागे उरले असतील तर गाळणीतून काढा. साखर, मीठ काही घालू नका.

पहिल्या दिवशी एक-दोन छोटे चमचे, तेही सकाळी, म्हणजे काही झालं तर दिवसभर लक्ष राहतं. त्या दिवशी दुसरा नवा पदार्थ नको. द्राक्षाची ॲलर्जी क्वचितच होते. तोंडाभोवती हलकी लाली आली आणि पुसल्यावर थोड्या वेळात गेली तर ती बहुधा आंबटपणाने. अंगावर गांधी, ओठ-पापण्या सुजणं, वारंवार उलटी ही लक्षणं वेगळी, त्यात पुन्हा देऊ नका आणि डॉक्टरांना दाखवा. श्वासाला त्रास झाला तर थांबायचंच नाही, थेट इमर्जन्सी.

गर पचला की सोललेल्या उभ्या फोडी. प्रत्येक फोड देण्याआधी अंगठा-तर्जनीत दाबून चपटी करा. हलक्या दाबाने चिरडली नाही तर ती कच्ची आहे, बाजूला ठेवा. बाळाला चिमटीत उचलता येईपर्यंत फोड चमच्याने द्या किंवा मुठीत मावेल अशा मऊ फळाला गर चोपडा. साल साधारण वर्षानंतर, चावणं जमतंय असं दिसलं की ठेवा. तेव्हा शीमध्ये सालीचे तुकडे जसेच्या तसे दिसतील, घाबरू नका.

भिंगरी

जाळीच्या फीडरमध्ये घालून दिलं तर? आणि रसाचं राहिलं.

पाटीपेन्सिल

फीडरमध्येही सोललेलं, कापलेलंच घाला. जाळी फाटते, झाकण नीट न बसता निसटतं. शिवाय त्यात बाळ नुसतं चोखतं, चावायला शिकत नाही. कधीतरी ठीक, रोज नको.

रस एक वर्षाच्या आत नकोच. त्यानंतरही, 1 ते 3 वर्षांत, दिवसाला 120 मिलीच्या वर नको. 100 ग्रॅम द्राक्षांत 80 ग्रॅमच्या आसपास पाणी आणि 15-16 ग्रॅम साखर. लोह नावाला. या वयात लोहाची गरज मोठी, म्हणून द्राक्षाने जेवणाची जागा घेऊ नये. आणि जास्त झालं की शी पातळ होते.

बेदाणेही वर्षाच्या आत टाळा. चिवट असतात, घशात आणि दातांना चिकटतात. नंतर देताना भिजवून, बारीक चिरून. फ्रीझरमध्ये गोठवलेली द्राक्षं तर दगडच. दात येताना गार काहीतरी म्हणून काही जण देतात, ते बंद.

शेवटचा बाक

आता अडकण्याबद्दल. आधी ठसका आणि गुदमरणं यातला फरक. ठसक्यात आवाज असतो: खोकला, ओकारी, चेहरा लाल, डोळ्यांत पाणी. तेव्हा हात लावू नका, बाळ स्वतः बाहेर काढतंय. गुदमरताना शांतता असते. रडू फुटत नाही, खोकला बसलेला किंवा नाहीच, ओठ निळसर. म्हणून भरवताना पाठ फिरवून चालत नाही, हाक ऐकू येणारच नसते.

एक वर्षाच्या आतलं बाळ: हातावर पालथं घ्या, डोकं छातीपेक्षा खाली, जबडा बोटांनी धरलेला. दोन्ही खांद्यांच्या मध्ये तळहाताच्या मनगटाकडच्या भागाने पाच ठोके. निघालं नाही तर उताणं करा आणि छातीच्या मधल्या हाडावर, स्तनाग्रांच्या रेषेच्या जरा खाली, पाच दाब. पुन्हा पाच ठोके. आलटून पालटून चालू ठेवा. दुसऱ्याने लगेच इमर्जन्सीला फोन लावायचा. वर्षाच्या आत पोट दाबायचं नाही. पाणी पाजायचं नाही. दिसत नसताना घशात बोट घालायचं नाही, तुकडा आणखी आत जातो. बाळ निपचित पडलं तर सीपीआर (छाती दाबून आणि तोंडाने श्वास देऊन प्राण टिकवायचा उपाय), आणि तो वाचून येत नाही, प्रशिक्षणात हाताने करून बघावा लागतो.

मोरपीस

भरवताना बाळ सरळ बसलेलं हवं. गाडीत, कडेवर, रांगताना, हसवताना नाही. थाळीत एका वेळी दोन-तीनच फोडी, नाहीतर सगळ्या एकदम तोंडात जातात. फ्रीजमधली फोड जरा टणक असते, थोडा वेळ बाहेर ठेवा. उरलेल्या झाकून फ्रीजमध्ये, दुसऱ्या दिवशी संपवा.

आणि अख्ख्या द्राक्षांचं भांडं रांगत्या बाळाच्या उंचीवर नको. मोठ्या भावंडांच्या डब्यातलीही उभी चिरूनच द्या, ती प्रेमाने बाळाला भरवतात. चेरी टोमॅटोला हाच नियम. घरात कुत्रा असेल तर बाळाने खाली टाकलेल्या फोडी लगेच उचला, द्राक्षाने कुत्र्यांची मूत्रपिंडं निकामी होऊ शकतात.

भिंगरी

समजलं. उद्या सकाळी शिजवलेला गर, दोन चमचे. दातेरी सुरी आणते. अर्धं करून देणाऱ्या तटाला आडवं कापलेलं द्राक्ष समोरून दाखवलं, आता गप्प आहेत.