युनोशा-स्तेंपोव्स्की तर १९०२ पासून पडद्यावर
बोलपट आल्यावरच पोलिश रंगभूमीवरचे मोठे नट सिनेमाकडे वळले, असं म्हटलं जातं, पण ते सरसकट पटत नाही. रंगभूमीवरचे नट काझिमेश युनोशा-स्तेंपोव्स्की १९०२ मध्येच, पोलिश सिनेमाचे आद्य प्रवर्तक प्रुशिन्स्की यांच्या छोट्या विनोदी मूकपटात होते, झिंगून घरी परतणाऱ्या छंदीफंदी गड्याच्या भूमिकेत! नाटक त्यांनी सोडलं नाही, पण लोकांच्या लक्षात राहिला तो १९३७ च्या 'झ्नाखोर' या पोलिश चित्रपटातला स्मृती गेलेला सर्जन. (कथा अगदीच मेलोड्रामा आहे, ती तरते यांच्यामुळे.)

त्यांच्या शेवटाबद्दलही सांगायला हवं. पत्नी गेस्टापोची, म्हणजे नाझींच्या गुप्त पोलिसांची, खबरी होती. जुलै १९४३ मध्ये वॉर्सात नाझींविरुद्ध लढणारे पोलिश भूमिगत सैनिक तिला मारायला घरी आले, हे मध्ये पडले आणि गोळी लागून गेले. ती तेव्हा वाचली, पण १९४४ मध्ये भूमिगतांनी तिलाही गाठलंच.