मेसापी की मेसापियन? आणि या शब्दात आपलं 'आप' आहे का?

मंडळी, एका शब्दावर अडलेय. मे महिन्यात आम्ही इटलीच्या टाचेत जाऊन आलो, म्हणजे नकाशात इटलीचा बूट दिसतो ना त्याची टाच, तिथले लोक सालेन्तो म्हणतात त्या भागाला. ब्रिन्दिसी, लेच्चे, ओरिया, मान्दुरिया एवढं फिरलो. मी रोमन अवशेष बघायचे म्हणून गेले होते पण ज्या म्युझियममधे जावं तिथे पाटीवर 'मेस्सापी', रोमनांच्या आधी तिथे नांदणारे लोक. आता प्रवासाबद्दल लिहायला बसलेय तर पहिल्याच पानावर हात थांबला, यांना मराठीत म्हणायचं काय? मेसापियन, मेसॅपियन, मेस्सापी, मेसापीय? आणि तिथल्या गाइडबाई म्हणाल्या की नावाचा अर्थ 'पाण्यांच्या मधले' असा आहे. ते ऐकल्यापासून डोक्यात आप, पंचमहाभूतांतलं आप, तेच घोळतंय. काही संबंध आहे का, की मी उगाच जोडतेय? जाणकारांनी सांगा प्लीज.

---

ताई, छान प्रश्न. आधी लिहिण्याचं सांगतो.

मराठीत देशाच्या नावाला ई लावून माणूस आणि भाषा दोन्ही होतात, चीन-चिनी, नेपाळ-नेपाळी, इराण-इराणी. मेसापिया हा प्रदेश, म्हणून मेसापी लोक आणि मेसापी भाषा, एवढं सोपं आहे. रशियन, इटालियन आपल्याकडे इंग्रजीतून आले आणि रुळले, ते आता तसेच राहणार, पण जो शब्द मराठीत आज पहिल्यांदा येतोय तो त्याच दारातून आणायची काय गरज? 'मेसॅपियन' तर नकोच, तो ॅ निव्वळ इंग्रजी उच्चाराचा, ग्रीक 'मेस्सापिओई'मधे नाही आणि इटालियन 'मेस्सापी'तही नाही. दोन स ठेवायचे तर ठेवा, हिस्सा, किस्सा, रस्सा म्हणणाऱ्यांना ते जड नाही. मी एकच लिहितो कारण मेसापींचा, मेसापींनी असं चालवायला हलकं जातं.

आता आप. तुम्ही उगाच जोडत नाही आहात. भाषा-अभ्यासकांत बरंच मान्य असलेलं मत असंच आहे की पहिला भाग 'मध्य' अर्थाचा आणि दुसरा 'पाणी' अर्थाचा. टाचेच्या एका बाजूला एड्रियाटिक, दुसऱ्या बाजूला आयोनियन समुद्र, म्हणजे नाव जागेला चपखल बसतं. संस्कृत, फारसी, ग्रीक, लॅटिन यांची जी एक जुनी पूर्वज भाषा मानतात, इंडो-युरोपियन, तिच्यातला मूळ धातू तोच ज्यातून संस्कृतात अप्, आप आलं आणि फारसीत आब, ज्याचा पंजाब झाला, दुआब झाला. आणि 'मेस्स'बद्दल दचकू नका. आपल्याकडे मध्यचं प्राकृतात मज्झ झालं आणि मराठीत माज, घराच्या मधलं ते माजघर. तिकडे त्याच जुन्या शब्दाचा मेस्स झाला. माजघरातला माज आणि मेसापियातला मेस, दोघांचा पणजोबा एक.

पण मला खरी मजा वाटते ती पुढे. संस्कृतात हाच शब्द तयार आहे, फक्त मध्यऐवजी अंतर् घेऊन: अंतरीप. अंतर् अधिक अप्. पाणिनीचं सूत्रच आहे, 'द्व्यन्तरुपसर्गेभ्योऽप ईत्', द्वि, अंतर् आणि उपसर्गांच्या पुढे अप् आला की त्याच्या अ चा ई होतो. म्हणून द्वि आणि अप् मिळून द्वीप, दोन्हीकडे पाणी असलेली जमीन. सम् आणि अप् मिळून समीप. प्रति आणि अप् मिळून प्रतीप, पाण्याच्या उलट जाणारं. आपण दिवसातून दहा वेळा समीप, द्वीप लिहितो आणि त्यात पाणी आहे हे लक्षातही येत नाही! अमरकोशात सरळ दिलंय, 'द्वीपोऽस्त्रियामन्तरीपं यदन्तर्वारिणस्तटम्', पाण्याच्या आतला तट तो द्वीप किंवा अंतरीप. मेसापियाचा अर्थ मराठी वाचकाला एका शब्दात सांगायचा तर अंतरीप सांगा.

---

वा! मग सरळ असंच म्हणूया ना की मेसापिया हा मूळ संस्कृत शब्द आहे, मध्य + आप. आपले लोक तिथपर्यंत गेले असतील.

---

नाही हो दादा, असं नाही म्हणता येणार, आणि हे मनापासून सांगतो कारण या एका उडीमुळे चांगला अभ्यास वाया जातो. दोन चुलत भावांचं नाक सारखं असतं ते आजोबांकडून आलेलं असतं, एकाने दुसऱ्याकडून घेतलेलं नसतं. मेसापी भाषा संस्कृतातून निघालेली नाही, संस्कृत तिच्यातून नाही. ती बाल्कनच्या बाजूच्या जुन्या भाषांच्या गटातली धरतात, एड्रियाटिक समुद्रापलीकडच्या, बाल्कनमधल्या इलिरियन लोकांशी नातं सांगतात आणि आजच्या भाषांत तिला सगळ्यात जवळची बहुतेक अल्बेनियन. 'मेंझाना' नावाचा त्यांचा एक देव होता, रोमन लोक त्याला ज्युपिटर मेंझाना म्हणायचे, त्याला जिवंत घोडा आगीत टाकून बळी द्यायचे असं रोमन कोशकार फेस्तुसने नोंदवलंय. अल्बेनियनमधे शिंगराला आजही 'मेझ' म्हणतात. ही जवळीक संस्कृतात शोधून सापडणार नाही.

आणि नुसतं कानाला सारखं लागलं म्हणून जोडायचं तर फसगत होते. त्याच भागाला आज पुलिया म्हणतात, लॅटिनमधे अपुलिया. तिथे पण कुणाला 'अप' दिसेल, पण त्याचा संबंध 'इयापिगिया' या नावाशी लावतात. इयापिगी हे मोठं नाव, त्यात उत्तरेला दाउनी, मधे पेउकेती, दक्षिणेला मेसापी.

---

शंका आहे. नाव 'पाण्यांमधले' असं असेल तर ग्रीसमधे, बिओशियात, मेसापिओन नावाचा डोंगर आहे त्याचं काय? शिवाय जुना ग्रीक इतिहासकार थ्युसिडिडीस ग्रीसमधल्याच लोक्रिसमधल्या मेसापिओईंचा उल्लेख करतो, ते तर कोरिंथच्या आखाताजवळचे. नाव टाचेवरूनच पडलं असेल तर ते तिकडे कसं पोचलं?

---

अगदी योग्य शंका, आणि मी वर नुसतं 'चपखल बसतं' लिहून मोकळा झालो ती घाई झाली. डोंगर आहे तो युबियाच्या सामुद्रधुनीवर, पायथ्यालाच समुद्र, आणि लोक्रिसवालेही आखाताजवळचे, म्हणजे पाणी तिन्ही ठिकाणी आहे. पण पाणी ग्रीसमधे कुठे नाही? म्हणून मला जास्त पटतं ते असं की नाव एड्रियाटिकच्या पूर्वेकडे आधीपासून होतं आणि लोक पश्चिमेला आले तेव्हा बरोबर आलं. मग टाचेचा आकार नावाला जुळला हा नावाचा उगम नसून नाव तिथे टिकण्याचं कारण असू शकतं. जुन्या ग्रीकांनी आपल्या पद्धतीने सोडवलं, मेसापोस नावाचा एक वीर होता तो बिओशियातून इकडे आला म्हणून मेसापिया. ग्रीक इतिहासकार हिरोडोटस तर वेगळंच सांगतो, क्रीटचे लोक सिसिलीहून परतताना वादळात फुटले, किनाऱ्याला लागले, हिरिया नावाचं गाव वसवलं आणि क्रीटनचे मेसापी झाले. हिरिया म्हणजे ताई, तुम्ही बघितलेलं ओरिया.

नावं अशी फिरतात याचं उत्तम उदाहरण तिथेच आहे. रोमन लोक या टाचेला 'कालाब्रिया' म्हणत, तिथल्या लोकांना कालाब्री आणि साल्लेन्तिनी. ७ व्या शतकात लोंबार्ड या जर्मानिक लोकांनी टाच जिंकली आणि बायझंटाइनांकडे, म्हणजे पूर्व रोमन साम्राज्याकडे, बुटाच्या बोटाकडचा भाग उरला तेव्हा कालाब्रिया हे नाव उचलून तिकडे गेलं, आजही नकाशात कालाब्रिया बोटातच आहे. त्यामुळे लॅटिन मजकुरात 'कालाब्रिया' दिसलं की आधी शतक बघायचं.

---

भाषेबद्दल थोडी भर घालते. मेसापी लेख साधारण ६०० आहेत, इ.स.पू. ६ व्या शतकापासून पुढे चारेकशे वर्षांतले, ग्रीक लिपीवरून घेतलेल्या लिपीत. बहुतेक थडग्यांवरची नावं, त्यामुळे शब्दसंग्रह तुटपुंजा आहे, पण जे आहे ते हलवून सोडतं. कित्येक लेखांची सुरुवात 'क्लाओही झिस' अशी होते, म्हणजे 'ऐक, झ्यूस'. यातला क्ला आणि आपला श्रु एकाच मूळ धातूचे. ऋग्वेदात शुनःशेपाच्या तोंडी 'इमं मे वरुण श्रुधी हवम्' आहे, वरुणा, माझी ही हाक ऐक. आणि झिस, झ्यूस हा आपला द्यौ. मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा कितीतरी वेळ त्या दोन शब्दांकडे बघत बसले होते, माणसाने देवाला हाक मारताना पहिला शब्द 'ऐक' हाच काढला.

अजून एक 'ताबारा दामात्रास', दामात्राची म्हणजे डिमीटर देवीची पुजारीण, त्यात 'मातर' सरळ दिसते. मुलगी म्हणजे 'बिलिया'. आणि जुना ऱ्हस्व ओ तिथे अ झालाय, संस्कृतात झाला तसाच, म्हणून 'दाझिमास' असं पुरुषाचं नाव वाचलं की कान फसतात, ग्रीक असतं तर शेवटी ओस आलं असतं. वरचा इशारा इथेही लागू, बदल सारखा झाला म्हणून भाषा एक होत नाही.

ब्रिन्दिसीला गेला होतात तर हे नक्की लिहा. ग्रीक भूगोलकार स्ट्रॅबो सांगतो की मेसापी भाषेत हरणाच्या डोक्याला 'ब्रेन्तिओन' म्हणतात आणि बंदराच्या दोन खाड्या शिंगांसारख्या फुटलेल्या म्हणून गावाचं नाव ब्रेन्तेसिओन. रोमनांनी ब्रुन्दिसियुम केलं, आता ब्रिन्दिसी. अल्बेनियनमधे शिंग म्हणजे 'ब्री'. शहराच्या चिन्हात आजही हरणाचं डोकं आहे. भाषा जाऊन दोन हजार वर्षं झाली, एक शब्द गावाच्या नावात राहिला.

---

या शब्दचर्चेत थोडा इतिहास चालेल का? कारण 'रोमनांच्या आधीचे लोक' एवढंच लिहिलं तर अन्याय होतो. इ.स.पू. ४७३ च्या सुमारास तारास, म्हणजे आजचं तारान्तो, तिथल्या ग्रीकांना यांनी असं हरवलं की हिरोडोटस म्हणतो ग्रीकांची एवढी कत्तल आपल्याला माहीत असलेल्यांत दुसरी नाही, मदतीला आलेले रेगिओनचेच, म्हणजे बुटाच्या बोटाकडच्या ग्रीक शहराचेच, ३००० पडले आणि तारासच्या मेलेल्यांची तर मोजदादच नाही. इ.स.पू. ३३८ मधे स्पार्टाचा राजा तिसरा आर्किदामोस तारासच्या बाजूने लढायला आला तो मान्दुरियाजवळ मारला गेला. पण सगळ्या ग्रीकांशी वैर नव्हतं, इ.स.पू. ४१३ मधे आर्तास नावाच्या मेसापी राजाने अथेन्सच्या सिसिली मोहिमेला १५० भालाफेके दिले. रोमनांनी इ.स.पू. २६७-२६६ मधे त्यांना जिंकलं.

आणि मला सगळ्यात लागतं ते एन्नियुसचं. लॅटिन कवितेचा जनक मानतात तो कवी, जन्म इ.स.पू. २३९, गाव रुदिये, लेच्चेजवळ, ऐन मेसापी मुलूख. स्वतःला मेसापुस राजाचा वंशज म्हणवायचा. तो म्हणे, मला तीन हृदयं आहेत कारण मला ग्रीक, ओस्कन (दक्षिण इटलीतली एक जुनी भाषा) आणि लॅटिन येतं. ज्या मातीतला राजा पूर्वज म्हणून सांगितला तिथली भाषा त्या तिनात नाही.

---

मूळ प्रश्न माझा. किती दिलंत तुम्ही सगळ्यांनी! 'मेसापी' नक्की केलं, आणि पहिल्या पानावर अंतरीप येणार. एन्नियुसचं वाचून गलबलून आलं, आम्ही परदेशात वाढवलेल्या मुलांच्या घरात हा हिशोब रोजचा आहे.

एक शेवटचं विचारते. ओरियाच्या म्युझियममधे एक मातीचं भांडं होतं, तिथे 'त्रोत्सेल्ला' म्हणतात, मेसापींची खास ओळख. पोट अंडाकृती, खाली निमुळतं, आणि दोन कान एवढे उंच की तोंडाच्याही वर जातात. प्रत्येक कानाला वरती एक आणि खाली खांद्याला टेकतो तिथे एक अशा मातीच्या चकत्या, एकूण चार, चाकासारख्या. फिकट मातीवर तपकिरी रंगाने चौकटी आणि वेलीची पानं. मी काचेला नाक लावून बघितलं, एका चकतीवर मधोमध ठिपका होता, आसाची जागा दाखवावी तसा. बायकांच्या थडग्यांत ही ठेवायचे असं पाटीवर होतं. मराठीत याला काय म्हणू, चाकाची घागर? रहाटघडा?

---

रहाट नको ताई, रहाट म्हटलं की विहीर, दोर, पाणी ओढणं सगळं येतं आणि ही चाकं फिरत नाहीत. त्रोत्सेल्ला हा शब्द मेसापी नाहीच, तिथल्या आजच्या बोलीतला आहे, छोटं चाक, विहिरीची कप्पी अशा अर्थाचा, भांडी सापडल्यावर लोकांनी ठेवलेलं नाव. मेसापी बाई तिला काय म्हणायची ते कुठल्या लेखात आलेलं नाही. म्हणून त्रोत्सेल्ला तसंच ठेवा, पहिल्यांदा येईल तिथे 'कानांवर कप्प्या असलेला घट' एवढं लिहा, आणि फोटो टाकाल तेव्हा तो ठिपका दिसेल असा टाका.