मदत हवी आहे: जाताना जवळ, येताना लांब अशा जागेचा नकाशा कसा काढायचा?

मी स्वप्नातल्या, अशक्य जागांचे नकाशे काढतोय, अगदी सिरीयसली, उत्तर दिशा, स्केल, खुणांची सूची सगळं टाकून, कारण मला वाटतं जागा जेवढी अशक्य तेवढा नकाशा काटेकोर पाहिजे, नाहीतर ते नुसतं चित्र होतं. पण एका शहरावर अडकलोय. तिथे पुलावरून मनोऱ्याकडे जायला चार पावलं लागतात आणि मनोऱ्यावरून पुलाकडे यायला अख्खी रात्र, रस्ता तोच, चढउतार काही नाही. सपाट कागदावर दोन बिंदूंमधलं अंतर दोन्हीकडून सारखंच येणार ना, मग हे दाखवायचं कसं?

हॅरी बेकने १९३३ च्या लंडन ट्यूब मॅपमध्ये (भुयारी रेल्वेच्या नकाशात) खरी अंतरं सोडून फक्त स्टेशनांमधल्या जोडण्या ठेवल्या, तसं करून बघितलं, पण मग अंतरच गायब, आणि माझी सगळी गंमत तर अंतरातच आहे. फ्रान्सिस गाल्टनने १८८१ मध्ये लंडनहून कुठे पोचायला किती दिवस लागतात ते रंगांनी दाखवलं होतं, ती आयडिया जास्त जवळची वाटते, पण त्यात निघायची जागा एकच असते. म्हणजे मला प्रत्येक ठिकाणासाठी वेगळा नकाशा काढून ट्रेसिंग पेपरचे थर करावे लागतील का?

शिवाय पेनरोज बापलेकांनी १९५८ मध्ये मांडलेला तो गोल फिरून कायम चढतच राहणारा जिना पण याच शहरात हवाय, आणि त्याच्या उंचीच्या रेषा काही केल्या जुळत नाहीत.

कुणी असं काही केलंय का? कागदावरच हवंय, थ्रीडी सॉफ्टवेअर नको प्लीज.