रिमांड, फेरचौकशी की फेरनिर्णय?

प्रश्न : वारस नोंदीच्या फेरफाराचं आमचं अपील नाशिकला अपर जिल्हाधिकाऱ्यांकडे होतं. आदेश आला : ‘प्रांताधिकारी यांचा आदेश रद्द करण्यात येतो. प्रकरण फेरचौकशीकामी परत पाठविण्यात येत आहे.’ वकील म्हणाले, केस रिमांड झाली. आई घाबरलीच, तिच्या लेखी रिमांड म्हणजे पोलीस कोठडी. दोन्हींना एकच शब्द कसा? आणि आम्ही जिंकलो की हरलो?

उत्तर : ताई, आईंना सांगा, घाबरू नका. मूळ लॅटिन क्रियापदाचा अर्थ ‘परत सोपवणे’. आरोपीला कोठडीत परत धाडलं तरी रिमांड, वरच्या न्यायालयाने प्रकरण खाली धाडलं तरी रिमांड. ‘प्रतिप्रेषण’ हा संस्कृत प्रतिशब्द आहे, पण कोर्टाच्या आवारात तो कुणाच्या तोंडी नाही.

जिंकलात म्हणता येणार नाही, हरलाही नाहीत. विरोधातला आदेश गेला. नोंदीचा निर्णय अजून व्हायचाय.

माझी हरकत ‘फेरचौकशी’ला आहे. नोटीस बजावलीच नव्हती, आदेशात कारणंच नव्हती, अशा वेळीही सरसकट तोच शब्द लिहितात. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम २५५ मध्ये अधिक चौकशी करायला सांगणं वेगळं आणि निर्देशांसह प्रकरण निकालासाठी परत पाठवणं वेगळं. दुसऱ्याला ‘फेरनिर्णयासाठी परत’ म्हणावं. पक्षकाराला कळलं पाहिजे की कागद पुन्हा गोळा करायचे की फक्त बाजू मांडायची.

दिवाणी दाव्यांत घोळ जास्त. १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेत आदेश ४१ (इथे आदेश म्हणजे संहितेतला नियमांचा गट), नियम २३ आणि १९७६ च्या दुरुस्तीने आलेला २३-अ, यांत हुकूमनामा, म्हणजे दाव्याचा अंतिम निकाल, रद्द होऊन दावाच खाली जातो. नियम २५ मध्ये मात्र ठरावीक मुद्दे तेवढे खाली जातात, त्यांवरचे निष्कर्ष पुराव्यासह वर येतात आणि अपील वरच प्रलंबित राहतं. बोलताना दोन्हींना रिमांडच म्हणतात, आणि पक्षकाराला वाटतं सगळं पहिल्यापासून.

आणखी एक मत : मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाच्या निवाड्यावर उच्च न्यायालयात अपील होतं. तिथून प्रकरण परत आलं, तर जखमी माणसाची भरपाई आणखी लांबते. म्हणून ‘नुसतं परत पाठवलं’ असं हलकेपणी म्हणू नये. पुरावा पुरेसा असेल तर अपील न्यायालयाने स्वतःच निकाल द्यावा, यासाठी त्याच आदेश ४१ मध्ये नियम २४ आहे. खालच्या न्यायालयाची कारणमीमांसा काही बाबतींत चुकली एवढ्यावरून एरवी प्रकरण परत पाठवू नये, असं सर्वोच्च न्यायालयानेही १९९९ मध्ये सांगितलंय.

प्रश्नकर्ती : शेवटच्या पानावर आहे, ‘उभय पक्षांना पुरावा सादर करण्याची संधी देऊन नव्याने निर्णय घ्यावा.’

उत्तर : मग तुमच्या बाबतीत फेरचौकशी आणि फेरनिर्णय दोन्ही. वारसाचे राहिलेले कागद आता देता येतील. पुढची तारीख कधीची, ते प्रांत कार्यालयात लगेच विचारून घ्या.