गाडीचा फ्यूज उडाला तेव्हा... तुमचे अनुभव लिहा

घाटवाट
काल संध्याकाळी धो धो पावसात शेजारच्या काकूंच्या मुलीचा फोन. "दादा, वायपर बंद पडलेत. पेट्रोल पंपावर गाडी लावून बसलेय." तिला म्हटलं, किल्ली बंद कर, स्टिअरिंगच्या खाली उजव्या गुडघ्यापाशी छोटं झाकण असेल ते ओढ, आणि आतल्या बाजूला काय छापलंय ते वाचून दाखव. वाचून दाखवलं, फ्यूज सापडला, बदलला, घरी आली. फोन ठेवला आणि मला आंबा घाट आठवला.

कॉलेजात होतो तेव्हा. रत्नागिरीहून कोल्हापूरला निघालो होतो. बाबा चालवत होते, मागे आई, आजी आणि फणस. साखरपा सोडून चढ लागला आणि ऐन धुक्यात वायपर अर्ध्यावर थांबले. बाबांनी रुंद जागा बघून गाडी बाजूला घेतली, चारी इंडिकेटर लावले. मग छत्री घेऊन उतरले आणि आधी वायपरच्या दांड्याच्या बुडाशी हात घातला. तिथे काड्या नि कुजलेला पाला घट्ट बसला होता. तो सगळा उपसून काढला आणि मगच आत येऊन फ्यूजचं झाकण उघडलं. प्लॅस्टिकच्या चिमट्याने निळा फ्यूज ओढून माझ्या हातात दिला. टॉर्चसमोर धरला तर आतली यू आकाराची तार मधोमध तुटलेली, प्लॅस्टिकवर काळा डाग. जादा फ्यूज नव्हता. बाबांनी सिगारेट लायटरचा तसाच निळा, १५ अँपिअरचा काढून वायपरच्या जागी बसवला. "लायटरवाचून अडत नाही, वायपरवाचून अडतं."

आधी पाला आणि मग फ्यूज, हा क्रम मला अजूनही मोलाचा वाटतो. मोटर अडली की जास्त करंट ओढते, म्हणून फ्यूज उडतो. कारण तसंच ठेवून नवा बसवला तर तोही जातो. घरातल्या गाडीचा फ्यूज बॉक्स कुठे आहे हे चालवणाऱ्या प्रत्येकाला माहीत असावं असं मला फार वाटतं. तुमचे अनुभव लिहा.

माईची लेक
आमचा धाकट्या नणंदेच्या वरातीत. फुलवाल्याने गाडीला दिव्यांच्या माळा लावल्या आणि जोडल्या लायटरच्या सॉकेटला. त्याच सॉकेटला दीर टायरमध्ये हवा भरायचा पंप लावायला गेले दुहेरी पिन घालून. गेला फ्यूज. माळा बंद, पंप बंद, नवरदेवाचं चार्जिंग बंद. नवरदेव दोन टक्क्यांवर मांडवात पोचले. फोटो मात्र छान आलेत.

चहाबाज
साखरप्याला चहा घेतला की नाही ते सांगा आधी.

घाटवाट
घेतला की. आणि वर आंब्याला गरम भजी. आजीने फणस शेवटपर्यंत मांडीवरून उतरवला नाही.

कोलाज
फ्यूजचे रंग ठरलेले असतात का सगळ्या कंपन्यांत? आमच्या झाकणावर नुसते आकडे आहेत.

तारतंत्री
हो, पात्यांच्या नेहमीच्या फ्यूजना ठरलेले आहेत. ५ बदामी, साडेसात तपकिरी, १० लाल, १५ निळा, २० पिवळा, २५ पांढरा पारदर्शक, ३० हिरवा. डोक्यावर आकडाही कोरलेला असतो, खात्री त्याच्यावरून करायची. धंदा हाच आहे म्हणून एक सांगतो. फ्यूजच्या डोक्यावर दोन बारीक उघडे धातूचे ठिपके असतात. किल्ली चालू ठेवून टेस्ट लॅम्पची (वीज आहे का बघायचा छोटा दिवा) क्लिप गाडीच्या पत्र्याला लावायची आणि टोक एकेका ठिपक्याला टेकवून बघायचं. दोन्हीकडे पेटला तर फ्यूज चांगला, एकीकडेच पेटला तर उडालाय. एकेक उपटून बघत बसावं लागत नाही. कुठेच पेटला नाही तर त्या लाइनला वीजच येत नाहीये, मग बोनेटखालचा मोठा बॉक्स बघायचा. बहुतेक गाड्यांत बॉक्स दोन असतात, एक आत आणि एक बॅटरीजवळ. लोक आतला बघून हात टेकतात.

कोलाज
बोनेटखाली पण असतो?? आत्ता खाली जाऊन बघून येते.

काळीपिवळी
वडिलांची टॅक्सी होती, मुंबईत, प्रीमियर पद्मिनी. तेव्हाचे फ्यूज पात्यांचे नव्हते. पांढऱ्या सिरॅमिकचे, दोन्ही टोकं निमुळती, बाहेरून धातूची पट्टी दिसायची. ते दोन स्प्रिंगच्या पट्ट्यांमध्ये अडकवलेले असत. मुंबईची दमट हवा, पावसाळ्यात त्या पट्ट्यांवर हिरवट थर यायचा. पट्टी शाबूत असूनही एका बाजूचा दिवा जायचा. वडील अंगठ्याने फ्यूज जागच्या जागी गोल फिरवायचे, थर घासला जायचा, दिवा परत यायचा. रविवारी सगळे काढून पॉलिश पेपरने टोकं घासायचं काम माझ्याकडे असायचं. वर्तमानपत्रावर ओळीने मांडायचो, ज्या क्रमाने काढले त्याच क्रमाने परत.

स्टँडवर काही जण उडालेल्या फ्यूजला सिगारेटच्या पाकिटातली चांदी गुंडाळून धंदा सुरू करायचे. वडिलांनी ते कधी केलं नाही आणि माझ्यासमोर कुणाला करूही दिलं नाही. स्वतःच्या काडेपेटीतला फ्यूज काढून द्यायचे. म्हणायचे, आत बसलेला माणूस आपल्या भरवशावर बसलाय. ३० ऑक्टोबर २०२३ ला पद्मिनी टॅक्सी मुंबईतून कायमची बंद झाली, त्या दिवशी आई आणि मी त्यांच्या फोटोपाशी बराच वेळ बसलो होतो.

माईची लेक
किती छान लिहिलंत. काकांना नमस्कार.

सुगरणीचा नवरा
डोळ्यात पाणी आलं राव. माझे मामा पण टॅक्सी चालवायचे. परळ की दादर?

काळीपिवळी
लालबाग.

पमा_ठाणे
आमचं भूत वेगळं होतं. मागचे दिवे, नंबर प्लेटचा दिवा नि डिकीचं कुलूप सगळं एकदम बंद. फ्यूज बदलला की चालू, आणि चार-आठ दिवसांनी परत बंद. एका सर्व्हिस सेंटरने सांगितलं, पूर्ण वायरिंग बदलावं लागेल, आकडा ऐकून आम्ही घरी आलो. मग माझ्या मोठ्या बहिणीने डोकं चालवलं. तिने मला वहीच दिली, फ्यूज जाईल तेव्हा त्याआधी काय केलं ते लिही म्हणून. लिहिलं तर दर वेळी भाजी आणल्यावर गेलेला! म्हणजे डिकी उघडली की.

डिकीचं दार आणि गाडी यांच्यामध्ये काळी रबराची नळी असते, त्यातून वायरी जातात. ती बहिणीने हळूच सरकवली. आतल्या वायरी उघडझाप करून करून वाकायच्या जागी तडकलेल्या, एकीचं तांबं उघडं पडून पत्र्याला लागत होतं. गल्लीतल्या वायरमनने तेवढाच तुकडा नवीन मऊ वायरने जोडला, वर स्लीव्ह चढवली. त्यानंतर फ्यूज गेलेला नाही. मागे दार असलेल्या जुन्या गाड्या ज्यांच्याकडे आहेत त्यांनी ती नळी एकदा सरकवून बघाच.

तारतंत्री
बहिणीला माझा सलाम. निम्मं काम तिथेच झालं. फ्यूज रिव्हर्स टाकल्यावर जातो, ब्रेक दाबल्यावर जातो की खड्ड्यात आपटल्यावर जातो, गिऱ्हाईक एवढं सांगू शकलं तरी आमचा अख्खा दिवस वाचतो. आणि उडायचा वेगही बघा. थेट शॉर्ट असेल तर बसवताक्षणी उडतो. भार थोडासाच जास्त असेल तर वेळ घेऊन उडतो, कधी कधी काही मिनिटं.

कोलाज
सापडला!! बोनेटखाली बॅटरीच्या बाजूला. झाकणात चिमटा आणि जादा फ्यूज पण आहेत. गाडी घेऊन इतकी वर्षं झाली, कुणी सांगितलं नव्हतं. पण आत उंदराने कापूस आणि शेंगांची टरफलं आणून ठेवलीयत, ई.

नानूची आई
उंदीर!! आमच्याकडे हेडलाइटची वायर खाल्ली. नॅप्थलीनच्या गोळ्या टाकल्या, तंबाखूची पुडी ठेवली, काही उपयोग नाही. कुणाला खात्रीचा उपाय माहितीये का

सुगरणीचा नवरा
गाडी रोज हलवा. उभी राहिली की घर समजतात. आम्ही रात्री बोनेट उघडं ठेवतो, उजेड असला की येत नाहीत. वायरीला जाळीचं कव्हर पण मिळतं.

नानूची आई
रात्रभर बोनेट उघडं? सोसायटीचे सेक्रेटरी वर येतील माझ्याकडे.

चहाबाज
मांजर पाळा.

नानूची आई
मांजर पण बोनेटमध्येच झोपते हिवाळ्यात. गाडी काढायच्या आधी बोनेटवर थाप मारत जा सगळ्यांनी, हे मनापासून सांगतेय.

परसातली जाई
ऑटोमॅटिक गाडीवाल्यांसाठी लिहिते. सासूबाईंची डोळ्यांची तपासणी होती, बेसमेंटमधून गाडी निघेचना. इंजिन चालू, पण गिअर पार्किंगमधून हलत नव्हता. ब्रेक कितीही दाबा. मुलाने मागे उभं राहून सांगितलं, आई ब्रेकचे दिवे लागत नाहीयेत. दोन्हीचा संबंध आहे! ब्रेक दाबल्याचं गाडीला कळलं तरच बहुतेक ऑटोमॅटिकमध्ये गिअर सुटतो, आणि आमच्या गाडीत ब्रेकच्या दिव्याचा फ्यूजच गेला होता. गिअरच्या दांड्याशेजारी बारीक झाकण असतं, त्यात किल्ली दाबली की कुलूप सुटतं, पण मी तसं केलं नाही. ब्रेकचे दिवे नसताना सासूबाईंना घेऊन रस्त्यावर कशी जाणार. रिक्षाने गेलो. संध्याकाळी १० चा लाल बसवला, दोन्ही कामं झाली. सासूबाईंच्या मोतीबिंदूचं ऑपरेशन पुढच्या महिन्यात आहे.

माईची लेक
ऑपरेशनला शुभेच्छा. माझ्या आईचं झालं मार्चमध्ये, आता सुईत दोरा ओवते.

परसातली जाई
हो का! लेन्स कुठली घातली? विपु करते (तुमच्या पानावर विचारपूस लिहिते).

हडसनकाठ
इथे न्यू जर्सीत गाडी तपासणीला नेली तर त्यांचा स्कॅनर गाडीशी बोलेचना. १९९६ पासूनच्या गाड्यांना डॅशबोर्डखाली जे तपासणीचं सॉकेट असतं, त्यालाच वीज नव्हती. गाडी परत पाठवली. नवऱ्याला सुट्टी नाही, मी एकटीच पार्किंग लॉटमध्ये थंडीत मॅन्युअल उघडून बसले. बऱ्याच गाड्यांत ते सॉकेट आणि चार्जिंगचं सॉकेट एकाच फ्यूजवर असतं. आमच्या चार्जिंगच्या सॉकेटमध्ये मुलीने नाणं टाकलं होतं! किल्ली बंद करून लाकडी चॉपस्टिकने नाणं काढलं, फ्यूज बदलला, त्याच रांगेत परत लागले, पास. पुण्याला बाबांना व्हिडिओ कॉल करून तुटका फ्यूज दाखवला. बाबांनी आईला हाक मारून बोलावलं बघायला.

घाटवाट
वा! बाबांचा आनंद समजू शकतो.

उसाचा फड
माझं जरा गंभीर आहे. आमच्या गावात एकाने गाडीच्या हेडलाइटला १००/९० वॉटचे बल्ब घातले. मूळचे ६०/५५ चे. हिशोब सोपा आहे, ६० वॉटचे दोन म्हणजे १२ व्होल्टला १० अँपिअर, १०० वॉटचे दोन म्हणजे सोळाच्या वर. १५ चा फ्यूज उडायला लागला तर त्याने ३० चा घातला. मग फ्यूज नाही उडाला, वायर वितळली. डॅशबोर्डखालून धूर आला तेव्हा पोरं मागे झोपलेली होती. सगळे वेळेत उतरले म्हणून आज लिहू शकतोय. वायरीची जाडी मूळच्या फ्यूजच्या मापाने दिलेली असते. जेवढ्याचा गेला तेवढ्याचाच घाला, मोठा कधी नको. तारेचा तुकडा, पिन, चांदी काही नको. फारच अडलं तर कमी आकड्याचा घालून बघा, उडेल तर उडेल, आग तरी लागणार नाही.

काळीपिवळी
शंभर वेळा +१.

नानूची आई
बाप रे. पोरं ठीक आहेत ना सगळी

उसाचा फड
ठीक आहेत ताई. मोठा आता आयटीआयला आहे, ऑटो इलेक्ट्रिकलच करतोय.

चहाबाज
इलेक्ट्रिक गाडीत पण फ्यूज असतात का? घेतोय दिवाळीत.

तारतंत्री
असतात. दिवे, हॉर्न, वायपर १२ व्होल्टवरच चालतात, त्यांची वेगळी छोटी बॅटरी आणि नेहमीचे फ्यूज. ते मॅन्युअल बघून बदलता येतात. नारिंगी रंगाच्या केबलला मात्र अजिबात हात लावायचा नाही, ती मोठ्या बॅटरीची. साध्या गाडीतही एअरबॅगच्या फ्यूजशी खेळू नका, आणि बॅटरीजवळचे नट लावलेले मोठे फ्यूज घरी काढायला जाऊ नका.

कोलाज
जादा आणायला जातेय. दुकानात काय सांगू? नुसतं १० आणि १५ चालेल?

तारतंत्री
नाही, मापं वेगळी असतात. मोठं, मिनी, आणि एक मिनीच पण पाय जवळजवळ नसलेलं. आकडा तोच असला तरी एकाच्या जागी दुसरं बसत नाही. गाडीतला एक काढून सोबत न्या आणि तसाच मागा. आणि अगदी स्वस्तातलं रंगीत पाकीट घेऊ नका, त्यातले काही वेळेवर उडतच नाहीत.

कोलाज
लायटरचा काढून नेते, तो लागत नाही. उंदराचं घर आधी साफ करते. हातमोजे घालूनच.

नानूची आई
आणि ते वायरीच्या जाळीचं कव्हर मिळालं तर भाव सांग ग, मला पण हवंय.