‘लाइट शे (आहे) का?’ : सूचनेत हा शब्द ठेवायचा की काढायचा?

मळेकरी_यावल
गावाच्या ग्रुपवर सूचना पडते, “उद्या दुपारी लाइट येईल.” घरातल्याला वाटतं पंखा फिरेल, मळ्यातल्याला वाटतं मोटर चालेल. प्रत्यक्षात येते सिंगल फेज, आणि मोटरीला तर तिन्ही फेज, म्हणजे विजेच्या तिन्ही तारा लागतात. बल्ब लागतो, पण केळीला पाणी मिळत नाही, आणि मे महिन्यात ठिबक एक दिवस जरी बंद राहिलं तरी पानं करपायला लागतात. माझं म्हणणं साधं आहे : सूचनेतून ‘लाइट’ काढा. फिडर (वीज कोणत्या लाइनवर येणार ते), फेज आणि वेळ एवढंच लिहा. “शेती फिडर, थ्री फेज, रात्री १० ते सकाळी ६.” यात दोन अर्थ निघत नाहीत.

बोलीप्रेमी_अमळनेर
पटत नाही. ‘लाइट’ आता मराठीच आहे, आणि आपल्या भाषेने त्याचे अर्थ लिंगावरून वेगळे करून ठेवलेत. “लाइट गेली” म्हणजे वीज, म्हणून स्त्रीलिंगी. “गाडीचा मागचा लाइट फुटला” म्हणजे दिवा, म्हणून पुल्लिंगी. “लाइट गुलाबी साडी” म्हणजे फिकट, तिथे लिंगाचा प्रश्नच नाही. लग्नघरी “लाइटी लावल्या” म्हटलं की माळा. अहिराणीत “लाइट उनी (आली) का?” असं विचारलं तर ते विजेबद्दलच असतं, हे शेंबड्या पोरालाही कळतं. इतका कमावलेला शब्द फेकून ‘विद्युतपुरवठा’ लिहायचं? ते कोणी वाचतसुद्धा नाही.

रिवाइंडिंगवाला_चोपडा
ताई, लिंगावरून वीज आणि दिवा वेगळे झाले, पण फेज कुठे कळला? मोटरी जळतात त्या तिथेच.

५ एचपीची मोटर ४१५ व्होल्टवर पूर्ण लोडला साधारण साडेसात अँपिअर घेते. चालता चालता एक फेज गेला की उरलेल्या दोघांवर करंट पावणेदोन पटीच्या आसपास जातो, म्हणजे १२-१३ अँपिअर. आणि दोनच फेजवर चालू करायला गेलात तर ती फिरतच नाही, नुसती घुमते आणि काही मिनिटांत वाइंडिंग जातं. स्टार जोडणीची अशी मोटर उघडली की दोन फेजच्या कॉइली काळ्याठिक्कर आणि तिसऱ्याची तांब्यासारखी लालसर, ताजी दिसते. हे पाहिलं की कारण विचारावं लागत नाही. फेज गेला की मोटर बंद करणारा प्रिव्हेंटर असतो, पण पुष्कळ ठिकाणी तो बायपास करून, कपॅसिटर लावून दोन फेजवर मोटर ओढतात.

टेस्टर लागला म्हणून ‘लाइट आहे’ असंही धरू नका. त्याच डीपीवर (ट्रान्सफॉर्मरवर) दुसऱ्याची मोटर चालू असेल तर तुटलेल्या फेजवरही तिच्यातून उलटा व्होल्टेज येतो आणि टेस्टर चमकतो. १०० वॅटचे दोन पिवळे बल्ब सिरीजमध्ये जोडायचे, दोन्ही सारख्याच वॅटचे, नाहीतर कमी वॅटचा उडतो. मग वायरमनकडून आर, वाय, बी या तीन फेजच्या आर-वाय, वाय-बी, आर-बी अशा तिन्ही जोड्या तपासून घ्यायच्या. तिन्ही वेळा उजेड सारखा पडला तरच थ्री फेज. एखाद्या जोडीवर मंद पडला तर स्टार्टरला हात लावू नका.

इंग्रजी_शिक्षक_धुळे
विजेचं मला कळत नाही, शब्दाचं सांगतो. इंग्रजीत हा मुळात एक शब्द नाही, दोन आहेत. उजेडवाला लाइट आपल्या ‘रुच्’ धातूचा भाऊबंद, ज्यावरून ‘रोचन’ आलं. हलकावाला लाइट ‘लघु’च्या घरातला, आपलं ‘हलका’ही प्राकृतातल्या ‘लहुअ’ची अक्षरं उलटून झालेल्या ‘हलुअ’पासूनचं. दोन्ही शब्द जुन्या इंग्रजीतच एकसारखे झाले. म्हणून “लाइट घे रे” यातला लाइट बल्बचा नाही, वजनाचा. बसमधून उतरण्याला ‘अलाइट’ म्हणतात तोही वजनाचाच : घोड्यावरचं ओझं हलकं करणं. मुलं परीक्षेत ‘लाइट इयर’ म्हणजे काळ लिहून येतात. ते अंतर आहे, सुमारे ९.४६ लाख कोटी किलोमीटर.

इंग्रजीने हा घोळ शेकडो वर्षं संदर्भावर निभावला. आपणही निभावू. शब्द काढायची गरज नाही.

मळेकरी_यावल
सर, संदर्भ समोरासमोर बोलताना मिळतो. चार शब्दांच्या सूचनेत तो कुठून आणायचा? बोलताना मीही लाइटच म्हणतो, म्हणणार. प्रश्न फक्त लिहिलेल्या सूचनेचा आहे.

बोलीप्रेमी_अमळनेर
फेजची गोष्ट मान्य. पण मग “थ्री फेज लाइट” असं लिहा. म्हातारी माणसं सूचनेत ‘लाइट’ शोधतात. नुसतं ‘शेती फिडर’ दिसलं की पुढे सरकवतात. तो शब्द त्यांना थांबवतो.

रिवाइंडिंगवाला_चोपडा
हे चालेल. शब्द पुढे, फेज त्याच ओळीत. आणि लाइट आल्यावर पहिली पाच मिनिटं मोटर ऑटोवर, म्हणजे आपोआप चालू होणाऱ्या स्विचवर सोडू नका. सुरुवातीला फेज ये-जा करतो, ऑटो प्रत्येक वेळी मोटर उचलतो आणि दर उचलीला ती नेहमीच्या चालत्या करंटच्या पाच-सहा पट ओढते. स्टार्टरवरचे तिन्ही दिवे स्थिर दिसले की मगच हिरवं बटण दाबा.