हजर न राहिल्याने अपील फेटाळलं, आता काय?

पेडणेकार: काजूच्या बागेकडे जाणाऱ्या वाटेचा दावा आम्ही हरलो, म्हणून जिल्हा न्यायालयात अपील केलं. तारखेच्या पहाटे बाबांच्या छातीत दुखू लागलं, त्यांना घेऊन मी इस्पितळात. वकील दुसऱ्या कोर्टात. पुकारा झाला, कोणीच नाही, अपील फेटाळलं. आज १९ दिवस झाले. बाबा नीट जेवतही नाहीत. वाट गेलीच का?

जुना कारकून: नाही गेली! दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१, नियम १७ खाली गैरहजेरीत अपील फेटाळता येतं, पण गुणदोषांवर, म्हणजे वाटेचा हक्क आहे की नाही यावर, निकाल देता येत नाही. १९७६ च्या दुरुस्तीने ते स्पष्टच केलंय. नियम १९ खाली अपील पुन्हा दाखल करून घेण्याचा अर्ज करा. मुदत फेटाळल्यापासून ३० दिवस, म्हणजे तुमच्याकडे ११ उरले. इस्पितळाचे कागद, शपथपत्र जोडा. आजच वकिलाकडे जा, बाब.

डिचोलीची: वकील आला नाही म्हणून पक्षकाराला शिक्षा नको, असं सर्वोच्च न्यायालयाने १९८१ मध्ये रफीक विरुद्ध मुन्शीलालमध्ये म्हटलंय. तेही दाखवा.

जुना कारकून: अर्ज नाकारलाच, तर त्यावरही अपील आहे, आदेश ४३ खाली.

पेडणेकार: बाबांना वाचून दाखवलं. पेज मागितली त्यांनी.